सूत्रधार: पडद्यापुढचा की पडद्यामागचा?

गडचिरोलीतल्या देसाईगंजकडच्या एका नाट्यमंडळातल्या मुलाने विचारलं आहे. मंडईच्या (आपल्याकडच्या गावजत्रेच्या) रात्रीच्या नाटकाचं हँडबिल छापताना त्याने एका नावापुढे ‘सूत्रधार’ लिहिलं. गावातल्या गुरुजींनी ते खोडायला लावलं. हा शब्द पेपरात खुनाच्या नाहीतर घोटाळ्याच्या बातमीत येतो, सभ्य माणसाच्या नावापुढे शोभत नाही, असं त्यांचं म्हणणं. तर शब्द खोडावा का?

खोडू नका. गुरुजींच्या कानाचा दोष नाही. ‘कटाचा मुख्य सूत्रधार’, ‘सत्तांतराचा सूत्रधार’ हेच आपण रोज वाचतो. पण शब्दाचं घर वेगळं आहे.

सूत्र धरणारा तो सूत्रधार. प्राकृतात त्याचा ‘सुत्तहार’ झाला आणि मराठीत ‘सुतार’. म्हणजे सुतार आणि सूत्रधार हा एकच शब्द, एक बोलीतून झिजत आलेला, दुसरा संस्कृतातून जसाच्या तसा उचललेला. आपल्याकडे सुताराला वाढई म्हणतात (तो आला ‘वर्धकि’वरून), म्हणून हे नातं आपल्या कानाला चटकन लागत नाही. पण वाढई लाकडावर रंगवलेली दोरी ताणून रेघ उमटवतो ना, तेच हे सूत्र. ‘सुतासारखा सरळ’ आपण म्हणतो तेही त्याच दोरीमुळे.

नाटकात ही दोरी कशी आली? भरताच्या नाट्यशास्त्रात दुसऱ्या अध्यायात नाट्यगृहाची जागा मोजायची रीत दिली आहे. पुष्य नक्षत्रावर पांढरं सूत पसरायचं. ते कापसाचं, मुंज गवताचं किंवा सालीचं चालेल, पण तुटता कामा नये. अर्ध्यात तुटलं तर धन्याचा मृत्यू, तिसऱ्या भागावर तुटलं तर राष्ट्रात कोप, चौथ्या भागावर तुटलं तर नाटक करणाऱ्याचाच नाश. एका सुतावर धनी, राज्य आणि नट असे तिघेही टांगलेले! नाटक आणि राजकारण यांची गाठ इतकी जुनी आहे.

सातव्या शतकातल्या बाणभट्टाने तर ‘हर्षचरिता’त या शब्दावर सुरेख श्लेष केला आहे. भास या जुन्या नाटककाराला त्याच्या नाटकांनी देवळांसारखी कीर्ती मिळवून दिली, असं तो म्हणतो. कारण दोन्हींचा आरंभ सूत्रधार करतो, दोन्हींना पुष्कळ ‘भूमिका’ असतात आणि दोन्हींवर ‘पताका’ असतात. देवळाच्या बाजूने वाचलं तर सूत्रधार म्हणजे देऊळ बांधणारा स्थपती, भूमिका म्हणजे मजले, पताका म्हणजे झेंडे. नाटकाच्या बाजूने भूमिका म्हणजे पात्रं आणि पताका म्हणजे उपकथानक. आज ‘पक्षाची भूमिका’ जाहीर होते, तीही याच शब्दाची पुढची पायरी.

आता मुख्य मुद्दा. संस्कृत नाटकात सूत्रधार लपून बसत नाही. भासाची नाटकं सुरूच होतात ती ‘नान्दी संपल्यावर सूत्रधार प्रवेश करतो’ या सूचनेने. सर्वांत आधी लोकांसमोर तोच येतो. भासाच्या नाटकांत तो लेखकाचं नाव घेत नाही, पण कालिदासाच्या नाटकांत कोणाचं नाटक आहे तेही तोच सांगतो. कालिदासाचं ‘मालविकाग्निमित्र’ घ्या. ते आपल्या मुलखाशी जोडलेलं नाटक आहे: नायिका विदर्भाच्या राजघराण्यातली, आणि शेवटी विदर्भाचं राज्य दोन चुलतभावांत वाटलं जातं, मध्ये सीमा वरदेची, म्हणजे आपल्या वर्धेची. त्याच्या प्रस्तावनेत सोबतचा नट विचारतो, भासासारखे नामवंत सोडून या आजच्या कवीचं नाटक कशाला? सूत्रधार सांगतो, जुनं म्हणून सगळं चांगलं नसतं आणि नवं म्हणून वाईटही नसतं. नव्या लेखकासाठी भर सभेत उभा राहणारा हा माणूस!

मग तो पडद्यामागे कसा गेला? मला वाटतं, कळसूत्री बाहुल्यांमुळे. दोऱ्या ओढणारा हात बाहुल्यांच्या खेळात दिसत नाही. जर्मन पंडित रिचर्ड पिशेलने तर नाटकातला सूत्रधारही मुळात बाहुल्यांच्या खेळातूनच आला असं मांडलं होतं. ते मला पटत नाही, मोजणीच्या सुताची बाजू मला भक्कम वाटते. पण आजच्या मराठीच्या मनात बाहुल्यांचीच दोरी आहे. त्यातही गंमत अशी की ‘पदाची सूत्रं स्वीकारली’ यात सूत्रं स्वच्छ राहिली, धरणारा तेवढा बदनाम झाला.

बातमीतला अर्थ आता रुळला आहे, त्याला चूक म्हणता येणार नाही. तरी कटाच्या बातमीत ‘म्होरक्या’ हा नेमका शब्द असताना मी तरी तोच वापरतो.

हँडबिलापुरतं सांगायचं तर पाहुण्यांचे सत्कार पुकारणारा तो सूत्रसंचालक, नुसती माहिती देणारा निवेदक. पण तुमच्या मंडळाचा तो माणूस खेळाआधी पुढे येऊन लेखकाचं नाव घेत असेल, नटांची ओळख करून देत असेल आणि प्रेक्षकांना कथेत घेऊन जात असेल, तर त्याच्या नावापुढे ‘सूत्रधार’च छापा. गुरुजींना बाणभट्टाचा तो श्लोक वाचून दाखवा.