कथेसाठी वेळ साठवून ठेवणारं एक दुर्मिळ खनिज कल्पायचं आहे. त्याच्या जवळ जाणारं खरं खनिज कोणतं?

झिरकॉन. तो वेळ थांबवत नाही, पण इतकी जुनी वेळ दुसरं कुठलंच खनिज इतक्या नेकीनं जपत नाही. भूशास्त्रात खडकांचं वय काढायला तोच पहिला हाताशी धरतात. कारण साधं आहे: स्फटिक तयार होताना तो युरेनियम आत घेतो, शिसं मात्र जवळजवळ घेतच नाही. म्हणजे पुढे आत सापडणारं शिसं हे युरेनियमच्या क्षयातून, त्याचे अणू आपोआप बदलत जाऊन, आलेलं. युरेनियमचा एक प्रकार, युरेनियम-२३८, निम्मा व्हायला सुमारे ४४७ कोटी वर्षं लागतात, दुसऱ्या प्रकाराला, युरेनियम-२३५ ला, सुमारे ७० कोटी. एकाच कणात दोन घड्याळं! पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्सचा, अर्ध्या मिलिमीटरहूनही लहान असा एक कण सुमारे ४४० कोटी वर्षांचा आहे.

कथेत खरोखर वापरावा असा तपशील म्हणजे त्याची वलयं. इलेक्ट्रॉनचा झोत पडला की झाडाच्या खोडासारखी ती एकाआड एक उजळतात, आतली जुनी, बाहेरची नवी.

एक मर्यादा आहे. स्वतःच्याच किरणोत्सारानं त्याच्यातली अणूंची जाळी मोडत जाते, मग शिसं निसटतं आणि कण आहे त्याहून तरुण दिसतो. म्हणूनच दोन्ही घड्याळं ताडून पाहतात.