असगर फरहादी यांच्या चित्रपटांत एवढा ताण कुठून येतो?

आपला प्रश्न असा आहे की, इराणी दिग्दर्शक असगर फरहादी यांच्या चित्रपटांत ना मारामारी, ना पार्श्वसंगीताचा भडिमार, तरीही श्वास रोखून बसावे लागते, ते कशामुळे? माझ्या मते याचे उत्तर त्यांच्या पटकथेत आहे. कळीचा क्षण ते प्रेक्षकापासून दडवून ठेवतात आणि न्यायनिवाडा मात्र त्याच्यावरच सोपवतात.

‘अ सेपरेशन’ (२०११) पाहा. (ज्यांनी तो पाहिलेला नाही, त्यांनी हा परिच्छेद सोडून द्यावा.) पहिल्याच दृश्यात घटस्फोटासाठी आलेले नादर आणि सिमिन थेट कॅमेऱ्याकडे पाहून आपापली बाजू मांडतात, न्यायाधीशाचा फक्त आवाज ऐकू येतो, कारण त्याच्या खुर्चीत आपण बसलेलो असतो. पुढे नादरच्या स्मृतिभ्रंश झालेल्या वडिलांना सांभाळायला आलेली गरोदर राझिये, घराबाहेर पडलेल्या त्या म्हाताऱ्याच्या मागे भर रहदारीच्या रस्त्यावर धावते आणि दृश्य तिथेच तुटते. नंतरचे सगळे आरोप, शपथा आणि खोटेपणा त्या न दाखवलेल्या काही क्षणांभोवती फिरतात. तरीही यात खलनायक कोणीच नाही. कपडे ओले केलेल्या वृद्धाला आपण स्वच्छ केले तर पाप लागेल का, हे राझिये फोनवरून विचारून घेते, आणि तिची चिमुरडी ‘मी बाबांना सांगणार नाही’ असे म्हणते, तेव्हा कोणावर रागवावे हेच कळेनासे होते.

ही घडण रंगभूमीवरची आहे. १९७२ साली इस्फहानजवळ जन्मलेल्या फरहादी यांनी तेहरानमध्ये नाट्यशिक्षण घेतले, रेडिओ आणि दूरचित्रवाणीसाठी लेखन केले आणि २००३ मध्ये पहिला चित्रपट केला. ‘अबाउट एली’ला (२००९) बर्लिनमध्ये दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले, ‘अ सेपरेशन’ आणि ‘द सेल्समन’ (२०१६) या दोघांना ऑस्कर मिळाले, पण दुसऱ्या वेळी अमेरिकेने इराणसह काही देशांच्या नागरिकांवर घातलेल्या प्रवासबंदीच्या निषेधार्थ ते सोहळ्याला गेले नाहीत. स्पेनमध्ये केलेला ‘एव्हरीबडी नोज’ मला त्या मानाने सैल वाटला. इराणमधला कायदा, धर्म आणि अब्रू यांचा काच तिथे नाही.

सुरुवात ‘अबाउट एली’पासून करावी. समुद्रकिनारी पतंग उडवणाऱ्या एलीचा चेहरा नीट लक्षात ठेवा. त्यानंतर ती दिसेनाशी होते, आणि तिच्याबद्दल आपल्याला किती थोडे ठाऊक होते, हे तिच्या सोबत्यांबरोबरच आपल्यालाही उमगू लागते.