सोसायटीचे दिवे आणि हरवलेले तारे

प्रश्न : आमच्या सोसायटीने प्रखर पांढरे एलईडी दिवे बसवल्यापासून गच्चीवरून मोजकेच तारे दिसतात. सुरक्षिततेला बाधा न आणता सभेत काय सुचवावे? – एक वाचक, मुलुंड

उत्तर : आपली मागणी दिवे बंद करण्याची नसून प्रकाश जमिनीवरच पडावा अशी आहे, हे आधी स्पष्ट करावे. वरून व बाजूंनी आवरण असलेल्या दिव्याचा प्रकाश वाटेवर पडतो आणि डोळे दिपत नसल्यामुळे अंधाऱ्या कोपऱ्यात उभी असलेली व्यक्तीही नीट दिसते. म्हणजे सुरक्षिततेचा मुद्दा खरे तर आपल्याच बाजूचा आहे. पांढऱ्या एलईडीतील निळा प्रकाश हवेत अधिक विखुरतो, म्हणून ३००० केल्विन किंवा त्याहून कमी रंगतापमानाचे (हे प्रकाशाच्या छटेचे माप; आकडा जितका कमी, तितकी छटा पिवळी) दिवे मागावेत. झाडांवरील रोषणाई मात्र काढूनच टाकावी, कारण पक्षी तिथे रात्री विसावतात. आपल्या राज्यातील पेंच व्याघ्र प्रकल्पाला २०२४ मध्ये भारतातील पहिले ‘डार्क स्काय पार्क’, म्हणजे रात्रीचा काळोख जपलेले क्षेत्र, म्हणून मान्यता मिळाली, याचा आनंद आहेच. पण तारे पाहण्यासाठी मुंबईकराला शहराबाहेर बदलापूरजवळची वांगणी गाठावी लागावी, हे मला मुळीच मान्य नाही. गच्चीवरील दिव्यांना टायमर लावण्याचा ठराव याच सभेत मांडावा.