निवृत्तीची रक्कम जेसीबीत घालावी का?

औसा तालुक्यातील लष्करातून निवृत्त झालेल्या एका हवालदारांनी विचारले आहे, की ग्रॅच्युइटी, पेन्शन विक्री (पेन्शनचा काही भाग सोडून घेतलेली एकरकमी रक्कम) आणि फंड मिळून आलेल्या 34 लाखांपैकी 14 लाख भरून, वर 22 लाखांचे कर्ज काढून, मेहुण्यांच्या भागीदारीत जेसीबी घ्यावा का.

आपण घरी येऊन पाच महिने झाले आहेत. रात्री झोप लागत नाही, लग्नात फटाके वाजले की मांडवातून उठून जावे लागते आणि नुसते बसून जीव घुसमटतो, असे आपण लिहिले आहे. ही घुसमट मला पूर्ण समजते, परंतु तिच्यापायी कर्ज काढू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

22 लाखांना 11 टक्के व्याजाने चार वर्षांचा हप्ता महिना सुमारे 57,000 रुपये बसेल, तर विक्रीनंतर आपल्या हाती पेन्शन येते 24,000. ऑपरेटरचा पगार आणि डिझेल वेगळेच. आपल्याकडच्या काळ्या रानात पावसाळ्यात मशीन उभेच राहते, आणि विहीर, शेततळे किंवा बांधाचे काम झाले तरी ‘सोयाबीन विकल्यावर देतो’ हे उत्तर ठरलेले असते. भाव पडला की तेही लांबते. बँक मात्र सोयाबीनची वाट पाहत नाही.

यंत्राची आवड असेल, तर एक हंगाम दुसऱ्याच्या जेसीबीवर देखरेखीचे काम करावे आणि किती तास चालला, किती पैसे खरोखर वसूल झाले, हे रोज वहीत लिहावे. त्याचबरोबर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात नोकरीसाठी नाव नोंदवावे. झोपेबद्दल ईसीएचएस या माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेच्या पॉलिक्लिनिकमध्ये डॉक्टरांना सविस्तर सांगावे. मानसोपचारही त्यात मिळतात. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या 14416 या क्रमांकावर घरबसल्या बोलता येते. सीमेवर इतकी वर्षे काढलेल्या माणसाने हे सांगण्यात कमीपणा अजिबात नाही, आणि पैशाचा निर्णयही झोप झालेल्या डोक्यानेच घ्यावा.

ज्येष्ठ नागरिक बचत योजना माजी सैनिकांना पन्नाशीनंतरच खुली होते, त्यामुळे चाळिशीत ती आपल्या कामाची नाही. त्याऐवजी पत्नीसह संयुक्त खात्यात पोस्टाच्या मासिक उत्पन्न योजनेत 15 लाख ठेवावेत, 7.4 टक्के दराने महिना 9,250 रुपये मिळतील. मुलांच्या शिक्षणाचे पैसे बँकेत मुदत ठेवीत वेगळे ठेवावेत. पोस्टातील रक्कम पहिले वर्षभर काढताच येत नाही, आणि मेहुण्यांना हे कारण आपण मोकळेपणाने सांगू शकता.