उत्तर : वॅलहाइममध्ये मांस जळतंय, लांडगे मारतायत आणि सर्व्हरचं पेमेंट अडकलंय

ऐरोलीच्या मित्रा, तुझी पोस्ट आत्ता वाचली. वॅलहाइम या व्हायकिंगांच्या जगातल्या गेममध्ये चुलीवर मांस जळून कोळसा होतंय, डोंगरावर गेलात की लांडगे अख्ख्या ग्रुपला लोळवतात, पकडलेली डुकरं माणसाळत नाहीत, हे तिन्ही सगळ्यांचंच होतं. पण शेवटी तू जाता जाता लिहिलंयस की भाड्याच्या सर्व्हरचं, म्हणजे ग्रुपचं गेममधलं जग (वर्ल्ड) ज्या कंपनीच्या कॉम्प्युटरवर चालतं त्याचं, ऑटो पेमेंट फेल गेलंय, कंपनी म्हणते बँकेला विचारा आणि बँक म्हणते कंपनीला विचारा. ते वाचलं आणि लगेच लिहायला बसले. बाकीचं खाली सांगतेच, पण हे आधी वाच आणि आज रात्री झोपायच्या आत कर.

आमचं अगदी हेच झालं होतं. २०२१ ची गोष्ट. फेब्रुवारीत वॅलहाइम अर्ली ॲक्सेसला, म्हणजे पूर्ण व्हायच्या आधीच विक्रीला, आला, तेव्हा आम्ही सगळे घरात अडकलेलो, कोणी वर्तकनगरला, कोणी कळव्याला, एक मैत्रीण कोपरखैरण्याला, आणि रात्री जेवणं उरकली की गेममध्ये भेटायचो. वर्गणी काढून बाहेरच्या देशातल्या एका होस्टिंग कंपनीकडे सर्व्हर घेतला, पैसे माझ्या कार्डावरून दर महिन्याला आपोआप कापले जायचे. सप्टेंबरमध्ये हार्थ अँड होम अपडेट आला आणि खाण्याचं सगळं गणितच बदललं. आधी हरणाचं आणि डुकराचं मांस एकच होतं, ते वेगळं झालं, तब्येतीचं जेवण वेगळं, दमाचं वेगळं, नव्या पाककृती आल्या, लोखंडी शेगडी आली. माझ्या मामेभावाने नवं स्वयंपाकघर बांधलं, धूर जायला छपरात फट ठेवून, प्रत्येक पेटीवर पाटी लावून, हरीण इकडे, डुक्कर तिकडे, मध वेगळा. तो मुलगा शाळेत वहीला कव्हर घालायचा नाही, आणि इथे पाट्या सरळ रेषेत लावत बसला होता.

मग १ ऑक्टोबर २०२१ पासून रिझर्व्ह बँकेचा नियम लागू झाला, की कार्डावरून दर महिन्याला आपोआप जाणाऱ्या पैशांना आधी ओटीपी टाकून रीतसर मंजुरी हवी, आणि पैसे कापायच्या किमान २४ तास आधी ग्राहकाला कळवायला हवं. नियम ग्राहकाच्या बाजूचा आहे आणि मला तो पटतो. पण माझ्या बँकेने त्या कंपनीसाठी अशी मंजुरी द्यायची सोयच केलेली नव्हती. पेमेंट परत गेलं. ब्रँचला गेले तर काउंटरवरच्या बाईंनी स्क्रीनकडे बघत सांगितलं, आमच्याकडे रिक्वेस्टच आलेली नाही, मर्चंटला विचारा. कस्टमर केअरने तक्रारीचा नंबर दिला आणि पुढे काहीच नाही. कंपनीच्या चॅटवर मी म्हटलं, दुसऱ्या कार्डाने देते, वर्षाचे एकदम देते, तर उत्तर आलं की थकलेलं बिल नोंदलेल्या कार्डावरूनच भरलं जाईल, अडचण असल्यास बँकेशी संपर्क करा. काहीही विचारा, तोच परिच्छेद परत चिकटवायचे, मधे माणूस होता का हेही कळलं नाही.

आणि खरी मेख इथे आहे. पेमेंट थकलं तसा त्यांनी सर्व्हर सस्पेंड केला आणि त्याबरोबर कंट्रोल पॅनलचं, म्हणजे सर्व्हर सांभाळायच्या वेबपेजचं, लॉगिनही बंद केलं. म्हणजे पैसे घेत नाहीत आणि आमची फाइलही आम्हाला काढून घेऊ देत नाहीत. मी लिहिलं की सर्व्हर नको, फक्त दोन फाइल्स पाठवा, त्याचे वेगळे पैसे घ्या. थोड्या दिवसांनी मेल आला, मुदत संपल्यामुळे डेटा पॉलिसीप्रमाणे काढून टाकला आहे. अख्खं वर्ल्ड गेलं. स्वयंपाकघर, दोन चांदण्यांच्या (म्हणजे जास्त ताकदीच्या) डुकरांचा गोठा, मधमाश्यांच्या पेट्या, सगळं. आमच्यातल्या दोघांनी त्यानंतर गेम उघडलाच नाही आणि मला त्या गोष्टीचा आजही राग येतो, तो जाणार नाही.

म्हणून तू आत्ता काय करायचंस. पॅनल अजून उघडत असेल तर सर्व्हर थांबव, म्हणजे शेवटचं सेव्ह नीट होतं, आणि वर्ल्डच्या नावाच्या दोन फाइल्स डाउनलोड कर, एक डॉट डीबी आणि एक डॉट एफडब्ल्यूएल. दोन्ही लागतात. त्या ग्रुपमधल्या किमान तिघांकडे ठेव, नुसत्या तुझ्याकडे नको. आपल्या विंडोज पीसीवर खेळायचं झालं तर त्या युजरच्या ॲपडेटाच्या लोकललो फोल्डरमध्ये आयरनगेट, मग वॅलहाइम, आणि आत वर्ल्ड्स लोकल नावाच्या फोल्डरमध्ये जातात. हे मी पीसीचं सांगतेय, एक्सबॉक्सचं मला विचारू नका.

पॅनल बंद झालंय पण सर्व्हर चालू आहे, असंही मधल्या काळात असू शकतं. तसं असेल तर प्रत्येकाने आत जाऊन खिसे भरा. या गेममध्ये कॅरेक्टर आणि वर्ल्ड वेगवेगळ्या फाइल्स आहेत, कॅरेक्टर तुमच्या स्वतःच्या पीसीवर असतं, अंगावरचं सामान त्याच्याबरोबर दुसऱ्या वर्ल्डमध्ये जातं. वजनाची मर्यादा ३००, वजन पेलायची ताकद वाढवणारा पट्टा मिळाला असेल तर ४५०. कमी वजनात जास्त मोलाचं आधी उचला. गाजर-सलगमचं बी, राणीमाशी, मध, मग धातू, मग शिजवलेलं जेवण. डुकरं नेता येत नाहीत, त्याला इलाज नाही.

पेमेंटबद्दल माझं मत ठाम आहे, पटलं नाही तर सोडून दे : ऑटो पेमेंटच्या भरवशावर वर्ल्ड ठेवायचं नाही. तीन महिन्यांचे आगाऊ हाताने भरता येतात अशीच कंपनी घ्यायची, आणि भरायच्या आधी त्यांना विचारायचं की सस्पेंड झाल्यावर फाइल काढता येते का. उत्तर गोलगोल आलं तर पुढे जायचं. घरच्या पीसीवर डेडिकेटेड सर्व्हर फुकट चालवता येतो, पण आपल्याकडे बऱ्याच केबलवाल्यांचं नेट सीजीनॅटच्या मागे असतं, म्हणजे बऱ्याच घरांना मिळून बाहेरचा एकच पत्ता असतो, मग बाहेरून आत यायचं पोर्ट उघडत नाही, त्यांना फोन करून स्टॅटिक आयपी मागावा लागतो, त्याचे पैसे वेगळे. मी बँकवाली नाही, वकीलही नाही, नियम तेव्हापासून थोडे बदललेत, त्यामुळे बँकेचं तुझं तू नीट विचारून घे.

आता मांस.

सगळे शिकारीचं विचारतात. शिकार सोपी आहे. हरणाला आणि डुकराला फार जीव नसतो, वाकून चाल, पळू नकोस, साध्या धनुष्याचा बाण दुरून मारताना थोडा वर धर, झालं. अडतं ते नंतर, चुलीवर. लाकडी शेगडीवर दोनच तुकडे टांगता येतात. टांगलं की लालसर कच्चं दिसतं, चुरचुर सुरू होते, मग रंग तपकिरी होतो, तेव्हा ते झालं, तेव्हाच काढायचं. तसंच ठेवलंस तर काळं पडतं आणि हातात कोळसा येतो. तव्यावरच्या भाकरीसारखं आहे, लक्ष हललं की गेली. तुमच्या ग्रुपचं काय होतंय ते तुझ्या पोस्टवरूनच कळतं, एक जण मांस टांगतो आणि लाकडं तोडायला जातो, त्याला वाटतं दुसरा बघतोय. तर शेगडीवर एकच माणूस ठेवा आणि त्याने तिथून हलायचं नाही. त्याला दोन-तीन शेगड्या एका ओळीत लावून द्या. वर छप्पर हवंच, पावसात उघडा जाळ विझतो, पण छपराला धूर जायला वाट ठेवा, नाहीतर धुराने स्वयंपाक करणाऱ्याचाच जीव कमी होत जातो. लोखंडी शेगडीवर पाच तुकडे बसतात आणि लॉक्स या मोठ्या केसाळ जनावराचं नि सागरी सर्पाचं मांस तिच्यावरच होतं, पण तिला लोखंड नि साखळ्या लागतात, म्हणजे गेममधल्या दलदलीच्या भागात पोचल्यानंतर.

एक गोष्ट इथे चांगली आहे, मांस खराब होत नाही. डोन्ट स्टार्व्ह हा दुसरा गेम खेळून आलेले लोक घाईघाईने सगळं शिजवून टाकतात कारण तिथे मांस सडतं, तिथे वाळवण घालावं लागतं. इथे कच्चं पेटीत ठेवलंस तरी तसंच राहतं. उलट कच्चं राखून ठेवायला हवं, कारण पुढच्या पाककृतींना काही ठिकाणी कच्चंच लागतं. डुकराच्या मांसात मध घातला की जर्की होते, एकाच्या दोन. सॉसेजला डुकराचं एक मांस, चार आतडी आणि एक थिसल (काटेरी रानफूल), त्यात चार होतात. हरणाचं स्ट्यू मात्र शिजवलेल्या मांसाचं, सोबत एक गाजर आणि एक वाटा ब्लूबेरी. तुम्ही डुकराचं सगळं मांस भाजून खाताय असं दिसतंय, ते थांबवा.

लांडग्यांचं. तुम्ही लढाईत कमी पडत नाही आहात, जेवणात पडताय. या गेममध्ये भुकेने मरत नाही, पण पोटात काही नसेल तर जीव फक्त २५ आणि दम ५०. तीन वेगवेगळे पदार्थ खाता येतात, एकच पदार्थ दोनदा नाही. आणि मेलास की पोट रिकामं होतं. मग तुम्ही काय करता, बिछान्यातून उठून तसेच थडग्याकडे, म्हणजे मेलात तिथे सामान पडलंय तिकडे, धावता, त्याच लांडग्यांमध्ये, २५ जीव घेऊन. दुसऱ्यांदा मरता. हे तिसऱ्यांदा, चौथ्यांदा होतं तिथेच ग्रुपमध्ये भांडणं लागतात, मी बघितलंय. डोंगराच्या पायथ्याशी छोटी झोपडी बांधा, आत बिछाना, जाळ, पोर्टल (एका जागेवरून थेट दुसरीकडे नेणारं दार) आणि जेवणाची एक पेटी. पोर्टलमधून धातू जात नाही, जेवण जातं. उठलं की आधी तीन पदार्थ खायचे, जाळाजवळ बसून आराम पूर्ण होऊ द्यायचा, मगच निघायचं.

थंडीसाठीचं मीड, म्हणजे मधाचं पेय, केलंय का? त्यालाही थिसल लागतं, पाच, शिवाय दहा मध. म्हणजे थिसल सॉसेजला हवं आणि मीडलाही, आणि नवीन लोक सगळं सॉसेजमध्ये घालवतात. आधी मीड. थिसल काळ्या जंगलात रात्री निळं चमकतं, एक रात्र फक्त तेच गोळा करा. लांडगे दिवसाच गाठा, चांदण्यांवाले रात्री निघतात. पाठ खडकाला लावून उभा राहा, लहान ढालीने नेमक्या वेळी वार परतवला की लांडगा गडबडतो, तेव्हा मार. आणि कधी पडद्यावर तुमचीच शिकार होतेय अशी ओळ आली तर तो लांडग्यांचा हल्ला असतो, दार लाव, गोठ्याकडे एक जण पाठव.

डुकरं माणसाळत नाहीत कारण तू कुंपणाशेजारी जाळ पेटवलायस, पोस्टमधल्या फोटोत दिसतोय. डुकरं जाळाला घाबरतात, घाबरलेलं जनावर माणसाळत नाही. जाळ विझव, मशाल हातात नको, आत मश्रूम, बेरी किंवा गाजरं टाक आणि नजरेआड हो, पण फार लांब जाऊ नकोस, तो भाग चालू राहायला तू जवळपास लागतोस. चांदण्यांची जोडी मिळाली तर तीच पाळ, पिल्लंही तशीच होतात आणि मांस जास्त देतात. गोठ्यात खूप गर्दी झाली की वीण थांबते, तेव्हा अधूनमधून कापावी लागतात.

अवांतर, पण गरजेचं. तुझ्या पोस्टखाली कोणीतरी लिहिलंय की एकदा येऊरला जाऊन खरं ट्राय करू. भाई, नको. येऊर संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात येतं, तिथे बिबटे राहतात, रानडुक्कर राहतं, आणि वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ सालापासून आहे. ते जंगल आपल्या दारात अजून टिकून आहे ही ठाण्याच्या लोकांना मिळालेली मोठी गोष्ट आहे. मस्करीतही असं लिहू नका, लहान मुलं हे वाचतात.

दुसरं अवांतर, घरी श्रावण पाळत असतील तर हेडफोन लावून खेळ. मांस चुरचुरण्याचा आवाज स्पीकरवर फार खरा येतो आणि आईला ते आवडत नाही, माझ्या सासूबाईंनाही आवडायचं नाही, आणि त्यांचं बरोबर आहे.

२०२४ च्या बॉग विच अपडेटपासून अख्ख्या ग्रुपने एकत्र खायच्या मेजवान्या आल्यात, पण त्या तुमच्यासाठी सध्या पुढच्या आहेत. अपडेटगणिक आकडे बदलतात, माझ्या सांगण्यात आणि तुझ्या स्क्रीनवर फरक दिसला तर स्क्रीनवरचं खरं धर.

आता एवढं सांग, पॅनल उघडतंय की नाही, आणि उघडत असेल तर डावीकडे बॅकअप किंवा फाइल मॅनेजर असं काही दिसतंय का. स्क्रीनशॉट टाक, कार्डाचा नंबर आणि मेल आयडी झाकून. मी रात्री अकरापर्यंत जागी आहे, कुठे क्लिक करायचं ते सांगते.