पोथी, पारायण आणि पांडवलेणी : वाचकांचे प्रश्न

वाड्याच्या माळ्यावर पणजोबांची हस्तलिखित पोथी सापडली. काही पाने एकमेकांना चिकटली आहेत, हाताला पिवळी पूड लागते. घरात कोणी म्हणते रामकुंडात विसर्जन करा, कोणी म्हणते देव्हाऱ्यात ठेवून रोज हळदकुंकू वाहा. काय करावे?
– वाचक, जुने नाशिक

विसर्जन अजिबात नको. जुन्या पोथ्यांची काळी शाई बहुधा काजळी आणि डिंक यांची असते. ती कागदात फारशी मुरत नाही, वरच बसते. म्हणून दोनशे वर्षांनीही अक्षर काळेभोर दिसते, आणि म्हणूनच पाण्याच्या थेंबाने ते फिसकटते. गोदावरीत सोडलेल्या पोथीचा कागद विरण्याआधी अक्षर जाते. त्याच कारणाने ओल्या फडक्याने पान पुसू नका आणि पान उलटताना बोटाला थुंकी लावू नका.

पिवळी पूड बहुतेक हरताळाची असावी. हरताळ म्हणजे आर्सेनिक आणि गंधक यांचे खनिज. कीड लागू नये म्हणून कागदाला त्याचा हात देत, चुकलेले अक्षर झाकायलाही तेच वापरत. ‘हरताळ फासणे’ हा आपला वाक्प्रचार इथूनच आला. ते विषारी आहे. पोथी हाताळताना तोंडाला फडके बांधा, धूळ फुंकू नका, मऊ कोरड्या कुंचल्याने मधून कडेकडे झाडा आणि नंतर साबणाने हात धुवा. लहान मुलांना जवळ बसवू नका.

चिकटलेली पाने ओढू नका. दमटपणामुळे शाईतला डिंक सुटतो आणि समोरच्या पानाला धरतो. पान ओढले की अक्षर उलट्या बाजूने तिकडे जाते. वाफ दिली तर तेच आणखी वाढते, आणि उन्हात घातली तर कागद कडक होऊन घडीवर तुटतो. कोरड्या, हवेशीर खोलीत सावलीत दोन-तीन दिवस ठेवा. आपोआप सुटतील ती पाने खाली पुठ्ठा सरकवून उचला. उरलेल्या पानांना हात न लावता ती जाणकाराकडे न्या. हस्तलिखितांचे काम पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेसारख्या ठिकाणी चालते. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावणे हा सगळ्यात मोठा घात. तिचा गोंद काही वर्षांत पिवळा होऊन कागदात उतरतो आणि मग काढताही येत नाही. लॅमिनेशनचेही तेच.

आता हळदकुंकू. पूड पानांमध्ये शिरते, दमट हवेत डाग धरते. ओले फूल आणि अक्षता यांच्यामागे कीड येते. निरांजनाची काजळी आणि तेल पानावर बसते. जुने लेखनिकच पोथीच्या शेवटी एक श्लोक लिहीत. त्यात पोथी म्हणते, मला तेलापासून राख, पाण्यापासून राख, सैल बांधणीपासून राख, मूर्खाच्या हाती देऊ नकोस. तेव्हा पूजा जरूर करा, पण पोथी रुमालात बांधून पाटावर ठेवा, हळदकुंकू पाटाला लावा, फूल पाटावर वाहा. भाव कुठेही उणा पडत नाही.

बांधण्याची रीत अशी. पत्रांक, म्हणजे पानाचा आकडा, सहसा पानाच्या मागच्या बाजूला समासात असतो. त्यावरून क्रम लावा. बांधण्याआधी प्रत्येक पानाच्या दोन्ही बाजूंचे फोटो काढा, दिवसाच्या उजेडात, फ्लॅश न वापरता, पत्रांक दिसेल असे. मग पानापेक्षा चहूबाजूंनी अर्धा इंच मोठ्या दोन फळ्यांत पाने ठेवून वर कोऱ्या मांजरपाटाचा रुमाल गुंडाळा. मांजरपाट आधी दोनदा गरम पाण्यात धुऊन कडकडीत वाळवा, कारण त्याची खळ खायला कसर येते. बांधणी घट्ट हवी, पण आवळलेली नको. सैल राहिली तर पाने वाकतात, आवळली तर दोरा कडा कापतो. वेखंडाची पुरचुंडी पेटीत ठेवा, पानांत नको. बाहेरच्या भिंतीला लागून पेटी ठेवू नका, पावसाळ्यात त्या भिंतीची ओल आत येते. दसऱ्याला सरस्वतीपूजन असतेच आणि तोवर पाऊसही ओसरलेला असतो. त्याच दिवशी दरवर्षी रुमाल सोडून पाने तपासा.

शेवटच्या पानावर शक असेल तर त्यात ७८ मिळवा, इसवी सन निघेल. मात्र ते बहुधा नक्कल केल्याचे साल असते, ग्रंथ रचल्याचे नव्हे. वाचताना ‘ख’च्या जागी ‘ष’ दिसला तर ती चूक समजू नका, तशी लिहिण्याची पद्धतच होती.

पौष वद्य एकादशीच्या त्र्यंबकेश्वरच्या निवृत्तिनाथ यात्रेआधी आमचे मंडळ सात दिवस ज्ञानेश्वरीचे पारायण करते. शेवटच्या दिवशी वाचन रात्रीपर्यंत रेंगाळते. कुठे चुकते?
– वाचक, सातपूर

अध्याय मोजता तिथे चुकते, ओव्या मोजा. अठरा अध्यायांत नऊ हजारांवर ओव्या आहेत, म्हणजे रोज सुमारे १,२९०. पण अध्याय सारखे नाहीत. पाचव्यात १८० ओव्या, तेराव्यात सुमारे ११७०, अठराव्यात १८०० च्या वर. शेवटच्या दिवशी अख्खा अठरावा ठेवला की इतर दिवसांच्या जवळजवळ दीडपट वाचन होते.

अशी वाटणी करून पाहा. पहिल्या दिवशी १ ते ५ अध्याय, दुसऱ्या दिवशी ६ ते ९, तिसऱ्या दिवशी १० ते १२, चौथ्या दिवशी फक्त तेरावा, पाचव्या दिवशी चौदावा आणि पंधरावा. सहाव्या दिवशी सोळावा आणि सतरावा संपवून अठराव्याच्या पहिल्या ४०० ओव्या उरकून घ्या. सातव्या दिवशी मग चौदाशेच्या आसपास राहतात आणि पसायदान धावपळीत म्हणावे लागत नाही. दुसरा दिवस पंधराशेचा आहे, त्या दिवशी अर्धा तास आधी बसा.

समूहात मिनिटाला साधारण सहा ओव्या होतात; १,३०० ओव्यांना साडेतीन तासांहून थोडे जास्त लागतात. पहिल्याच दिवशी घड्याळ लावून ५० ओव्या वाचा, म्हणजे तुमच्या मंडळाची चाल कळेल. सगळ्यांच्या हाती एकच आवृत्ती असू द्या. पाठभेदाने ओव्यांचे आकडे एक-दोनने सरकतात आणि निम्मे मंडळ मागे पडते. वेग वाढवायचा म्हणून यमक गिळू नका. ओवीच्या पहिल्या तीन चरणांचे यमक जुळते आणि चौथा आखूड चरण मोकळा सुटतो. तिथला श्वास घेतला नाही तर अर्थही तुटतो.

पांडवलेणी बौद्ध आहेत, मग पांडवांचे नाव कसे पडले?
– वाचक, इंदिरानगर

पांडवांनी ती खोदलेली नाहीत. त्रिरश्मी डोंगरावरची ही २४ लेणी बौद्ध भिक्षूंसाठी कोरली गेली. भव्य आणि कर्त्याचा विसर पडलेले काम पांडवांच्या नावावर घालण्याची रीत महाराष्ट्रात इतरत्रही आढळते. पण महाभारताचा इथे खरोखर एक धागा आहे, आणि तो फार थोडे लोक पाहतात. तिसऱ्या लेण्यात, ओवरीच्या मागच्या भिंतीवर, गौतमी बलश्रीने आपला नातू, सातवाहन राजा पुळुमावी याच्या १९ व्या राज्यवर्षात कोरवलेला प्राकृत लेख आहे. आपला मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याचे वर्णन करताना तो लेख त्याचा पराक्रम राम, केशव, अर्जुन आणि भीमसेन यांच्या तोडीचा म्हणतो. त्याच्या तेजासाठी नहुष, जनमेजय, सगर, ययाती, राम, अंबरीष अशी नावे येतात. बौद्ध संघाला लेणे दान देणारी राजमाता मुलाची थोरवी सांगायला रामायण-महाभारताकडे वळते, आणि तेही सुमारे १९०० वर्षांपूर्वी.

लेख पाहायला गेलात तर अक्षरे उठून दिसावीत म्हणून त्यांवर खडू घासू नका. घासताना दगडाचे कण सुटतात आणि ब्राह्मी अक्षरांच्या कडा बोथट होतात.