वडिलांना दारूचं व्यसन होतं, पण मला दारू चढतच नाही; चार पेग झाले तरी मला काही होत नाही. पिणंही फक्त शनिवारी, मित्रांबरोबर. मग मला धोका कमी आहे का?

नाही, उलट जास्त आहे. मी मनोविकारतज्ज्ञ आहे. 'चार पेग झाले तरी मला काही होत नाही' हे तुमचं वाक्य पेशंटकडून मी सारखं ऐकते, तेही अभिमानाने सांगितलेलं.

अमेरिकेत मार्क शुकिट या मनोविकारतज्ज्ञांनी व्यसनी वडिलांच्या मुलांना आणि इतर तरुणांना सारखीच दारू देऊन पाहिली. व्यसनी वडिलांच्या बऱ्याच मुलांना ती कमी चढली. काही वर्षांनी पाहिलं, तर ज्यांना कमी चढत होती त्यांच्यातच व्यसन जास्त निघालं. 'आता बास' हे शरीर वेळेवर सांगत नाही, म्हणून माणूस जास्त पितो आणि मेंदू त्याला सरावतो. दारू मेंदूतल्या 'गाबा' या शांत करणाऱ्या रसायनाला बळ देते, 'ग्लुटामेट' या उत्तेजकाला दाबते. रोज प्यायलं की मेंदू उलट दिशेने जोर लावू लागतो. दारू थांबली की तोच जोर उसळतो: हात थरथरतात, झोप उडते, काहींना फिट येते. (म्हणून रोज भरपूर पिणाऱ्याने स्वतःच्या मनाने एकदम बंद करू नये, आधी डॉक्टर गाठावा.)

वडिलांकडून किती आलं? १९७३ च्या डेन्मार्कमधल्या एका अभ्यासात, तान्हेपणीच दत्तक गेलेल्या मुलांपैकी ज्यांचे जन्मदाते व्यसनी होते, त्यांच्यात व्यसनाचं प्रमाण इतर दत्तक मुलांच्या जवळपास चौपट होतं. तरीही बहुतेक जण व्यसनी झाले नव्हते, हे विसरू नका.

जपानचं उदाहरण मला फार महत्त्वाचं वाटतं. तिथे अनेकांच्या शरीरात 'एएलडीएच२' हे एन्झाइम दुबळं असतं. थोडी प्यायली तरी अ‍ॅसिटाल्डिहाइड हे दारूपासून शरीरात बनणारं विषारी रसायन साठतं, चेहरा लाल होतो, मळमळतं. दारू सोडवण्यासाठी दिली जाणारी डायसल्फिरामची गोळी, वर दारू प्यायली तर, हाच त्रास मुद्दाम घडवते. एन्झाइम दुबळं करणारं हे जनुक म्हणजे जन्मजात संरक्षणच. तरी जपानी व्यसनी रुग्णांत त्याची एक प्रत असणारे १९७९ मध्ये २.५ टक्के होते, ते १९९२ मध्ये १३ टक्के झाले. तेवढ्यात जनुकं बदलत नाहीत. बदललं ते भोवतालचं पिणं.

म्हणून तुमच्यासाठी 'चढली की थांबेन' हा नियम निरुपयोगी आहे. तुम्ही फक्त शनिवारी मित्रांबरोबर पिता असं लिहिलंय, म्हणजे सोडायला हीच सोपी वेळ आहे. सोडाच, असं मी म्हणेन. जड गेलं तर टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ वर फोन करा. मराठीतून बोलता येतं, पैसे लागत नाहीत.